एक प्रत, अनेक तक्षीमदार

आमच्या सीमाभागातल्या पुष्कळ गावांत देवस्थानाची भांडी असत. हंडे, घंगाळी, पराती, शंभर पानांचा भात एका वेळी उतरेल अशी पातेली. कोणाच्याही घरी कार्य निघाले की भांडी तिकडे जात आणि कार्य उरकले की घासूनपुसून परत येत. प्रत्येक घराने एवढी भांडी विकत घेऊन माळ्यावर टाकून ठेवणे परवडणारे नव्हते, आणि त्याचे कारणही नव्हते. पण या व्यवस्थेचा सगळा जीव असे तो गुरवाच्या किंवा पंचांच्या ताब्यातल्या एका वहीत. कोणी काय नेले, केव्हा नेले, परत आले तेव्हा काठ शाबूत होता की नाही, हे त्या वहीत लिहिलेले असे. वही चालू होती तोवर भांडी टिकली. जेथे वही बंद पडली तेथे भांडी कोणाच्या परसात गेली हे विचारायचीही सोय उरली नाही.

मी इतिहासाचा विद्यार्थी. एम. ए. करीत असताना वतनांच्या कागदपत्रांत ‘तक्षीम’ हा शब्द वारंवार भेटे. सामाईक वतनातला हिस्सा म्हणजे तक्षीम, आणि तो खाणारा तक्षीमदार. वतन एक, वाटेकरी अनेक. ज्याची तक्षीम कागदावर चढलेली असे त्याला भांडायला आधार असे. ज्याची चढलेली नसे त्याचा हक्क कितीही खरा असला तरी पुढच्या पिढीला तो सिद्ध करताना नाकी नऊ येत. पुढे शाळेत संगणक आले, मुख्याध्यापक म्हणून त्यांची देखरेख माझ्याकडे आली, आणि त्या यंत्राच्या पोटातही हाच सामाईक वतनाचा इतिहास घडून गेला आहे हे हळूहळू माझ्या ध्यानात आले. तो इतिहास आपल्या मराठी अक्षरांपर्यंत येऊन पोहोचतो, म्हणून तो वाचकांपुढे ठेवीत आहे.

संगणकाला काम सांगणाऱ्या आज्ञावलीत कितीतरी कामे सगळ्यांनाच लागणारी असतात. वर्गमूळ काढणे, पडद्यावर चौकट आखणे, अक्षर उमटवणे, छपाईयंत्राशी बोलणे. असे काम एकदाच नीट लिहून वेगळ्या फायलीत ठेवायचे आणि ज्या आज्ञावलीला गरज पडेल तिने तेथून ते करून घ्यायचे, अशी ही योजना. अशा फायलींना संगणकवाले ‘लायब्ररी’ म्हणतात. विंडोजवर त्यांच्या नावाच्या शेवटी ‘डीएलएल’ ही अक्षरे दिसतात. ‘डायनॅमिक लिंक लायब्ररी’, म्हणजे आयत्या वेळी जोडून घ्यायचा संग्रह, असा त्याचा अर्थ.

कल्पना जुनी आहे. इंग्लंडात केंब्रिज विद्यापीठात मॉरिस विल्क्स यांच्या देखरेखीखाली ‘एडसॅक’ हा संगणक ६ मे १९४९ रोजी पहिल्यांदा चालला. डेव्हिड व्हीलर आणि स्टॅन्ली गिल हे त्यांचे तरुण सहकारी. प्रत्येकाने तेच गणित पुन्हा पुन्हा लिहीत बसू नये म्हणून त्यांनी तयार आज्ञांच्या तुकड्यांचा संग्रह केला. हे तुकडे छिद्रे पाडलेल्या कागदी फितींवर असत. १९५१ पर्यंत असे ८७ तुकडे जमले होते आणि त्याच वर्षी तिघांनी मिळून त्यावर पुस्तकही काढले. मात्र ही लायब्ररी नक्कल करून नेण्याची होती. ज्याला तुकडा हवा तो आपल्या फितीवर त्याची प्रत उतरवून घेई. मूळ प्रत जागेवर राही आणि एकाच्या चुकीची झळ दुसऱ्याला लागत नसे.

खरी सामाईक मालकी आली ती स्मरणशक्तीच्या टंचाईतून; अर्थात संगणकाच्या. अमेरिकेत १९६५ नंतर आकाराला आलेल्या ‘मल्टिक्स’ या प्रणालीने आयत्या वेळी जोडणी करण्याची रीत घालून दिली. घरोघरी ती पोहोचवली मायक्रोसॉफ्टच्या विंडोजने. नोव्हेंबर १९८५ मध्ये निघालेली पहिली विंडोज अवघ्या २५६ किलोबाइट स्मृतीवर चालेल अशी अपेक्षा होती. आज भ्रमणध्वनीवर काढलेले एक छायाचित्रसुद्धा एवढ्या जागेत मावणार नाही. तेव्हा चार आज्ञावल्या चालू असतील तर चौघींना लागणारा भाग स्मृतीत एकदाच ठेवणे भागच होते. ‘कर्नल’, ‘यूजर’ आणि ‘जीडीआय’ या तीन फायलींवर विंडोजचा सगळा संसार उभा होता, आणि तिन्ही सामाईक होत्या.

बचत झाली, पण वही कोठे होती? नवीन आज्ञावली संगणकावर चढवताना तिची स्थापना करणारी लहान आज्ञावली, म्हणजे इन्स्टॉलर, लागणाऱ्या डीएलएल फायली आणून विंडोजच्या मुख्य फोल्डरात टाकी. तेथे त्याच नावाची फाईल आधीच असली तर? नियम असा की दोन्हींचे आवृत्ती-क्रमांक पाहावेत आणि नवी असेल तीच ठेवावी. कित्येक इन्स्टॉलर ते न पाहताच आपली फाईल वर टाकून मोकळे होत. मग कालपर्यंत सुरळीत चाललेली दुसरीच आज्ञावली आज उघडेना. कधी नवी फाईलही अडचण करी, कारण जुन्या आज्ञावलीला जुन्याच फाईलीची सवय असे. या प्रकाराला त्या काळच्या संगणकतज्ज्ञांनी ‘डीएलएलचा नरक’ असे नाव दिले होते. ते अतिशयोक्तीचे नव्हते.

विंडोजने १९९५ च्या आवृत्तीत एक वही उघडली. प्रत्येक सामाईक फाईलीपुढे एक आकडा. आज्ञावली चढवताना इन्स्टॉलरने तो एकाने वाढवायचा, काढताना एकाने कमी करायचा. आकडा शून्यावर आला की आता या फाईलीचा कोणी वाटेकरी नाही असे समजायचे आणि ती पुसायची का, असे मालकाला विचारायचे. व्यवस्था साधी आणि शहाणपणाची. पण तिच्यात एक गोम होती. ज्या इन्स्टॉलरने वहीत नोंदच केली नाही, त्याच्या आज्ञावलीचे अस्तित्व वहीला कळायचे कसे?

या गोमेचा प्रत्यय मला ग्वाल्हेरीस आला. आमच्या आत्याचे सासर तिकडचे. १८१० च्या सुमारास दौलतराव शिंद्यांच्या फौजेचा तळ पडला आणि त्या तळाचेच ‘लष्कर’ नावाचे शहर झाले. त्या शहरात मराठी घरे पिढ्यान्‌पिढ्या नांदत आली आहेत. दाल बाजार ही लष्करातली धान्य-किराण्याची घाऊक पेठ. आर्टिस्ट्स कंबाईन या जुन्या मराठी नाट्यसंस्थेचे नाट्यमंदिरही याच पेठेत आहे. एकीकडे डाळीच्या पोत्यांची चढउतार आणि दुसरीकडे मराठी नाटकाची तालीम, असा या पेठेचा थाट. माझे आतेभाऊ अण्णा तेथल्या एका पेढीवर हिशेब पाहत. २००३ सालच्या मे महिन्याच्या सुटीत मी त्यांच्याकडे उतरलो होतो.

पेढीवर एक संगणक होता आणि त्यावर हिशेबाची एक आज्ञावली चाले. मालाच्या बिल्ट्या छापण्यासाठी दुसरी आज्ञावली आणली होती. ती काही पसंत पडली नाही म्हणून पेढीवरच्या मुलाने काढून टाकली. काढताना पडद्यावर इंग्रजीत प्रश्न आला : ही सामाईक फाईल आता कोणीही वापरीत नाही असे दिसते, पुसू का? मुलाने होकाराची कळ दाबली. दुसऱ्या दिवशी सकाळी हिशेबाची आज्ञावली उघडेना. अमुक डीएलएल सापडत नाही, एवढेच ती सांगे. दोन दिवस पेढीची उधारी कच्च्या कागदावर लिहिली गेली. तिसऱ्या दिवशी कारागीर आला, त्याने फ्लॉपीवरून ती एक फाईल परत जागेवर ठेवली आणि सगळे पूर्ववत सुरू झाले.

अण्णा वैतागून म्हणाले, “अरे, आजवर कधी कुठली खातेवही असं म्हणाली का, की माझं एक पान शेजारच्या वहीत होतं, ते त्यांनी फाडलं, आता मी उघडत नाही म्हणून?”

मी म्हणालो, “अण्णा, पान दोघींचं होतं. तुमच्या वहीनं आपलं नाव त्यावर घातलं नव्हतं, एवढंच.”

ते हसले आणि म्हणाले, “म्हणजे बिननोंदीचा तक्षीमदार! तू कागदं वाचलीस ती काही वाया गेली नाहीत.”

गोष्ट क्षुल्लक, पण तिच्यात सगळे सार आहे. हिशेबाची आज्ञावली त्या फाईलीची जुनी आणि रोजची वाटेकरी होती. तिच्या इन्स्टॉलरने नोंद केली नव्हती, म्हणून वहीच्या लेखी ती नव्हतीच. पुढे विंडोज २००० ने मुख्य फायलींवर पहारा बसवला, आणि २००१ च्या विंडोज एक्सपीने एकाच फाईलीच्या अनेक आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवण्याची सोय केली. जागा स्वस्त झाली होती. ज्याला जी आवृत्ती हवी ती त्याने नाव आणि क्रमांक सांगून मागावी, असा नवा करार ठरला. स्थापनेची साधनेही शहाणी झाली. नलसॉफ्ट या संस्थेने २००० साली काढलेले आणि फुकट मिळणारे एक इन्स्टॉलर-साधन आपल्याला लागणाऱ्या छोट्या डीएलएल फायली तात्पुरत्या फोल्डरात उघडते आणि काम संपले की पुसून टाकते. आपली भांडी आपणच घेऊन येणारा आणि जाताना घेऊन जाणारा हा आचारीच म्हणायचा.

संगणक एकमेकांना जोडले गेले तेव्हा हाच पेच दुसऱ्या अंगाने पुढे आला. ऑक्टोबर १९८६ मध्ये कॅलिफोर्नियात लॉरेन्स बर्कली प्रयोगशाळा आणि बर्कली विद्यापीठ यांच्यामधले जाळे एकाएकी तुंबले. अंतर अवघे ४०० यार्ड. सेकंदाला ३२ हजार बिट वाहणारा मजकूर ४० बिटांवर आला. व्हॅन जेकबसन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या तुंबण्याचा छडा लावला आणि उपायही शोधला. तारेवरून नेमके काय वाहते आहे हे पाहता यावे म्हणून १९८८ मध्ये त्याच गटाने ‘टीसीपीडम्प’ हे साधन लिहिले. त्यातला वाहता मजकूर टिपण्याचा भाग सुटा करून त्यांनी १९९४ मध्ये सगळ्यांसाठी खुला केला. त्या सामाईक लायब्ररीचे नाव ‘लिबपीकॅप’. जाळ्यावर देखरेख ठेवणारी कितीतरी साधने, चोरवाटा शोधणारी आणि बिघाड हुडकणारी, या एका लायब्ररीवर उभी राहिली. १९९८ मध्ये जेराल्ड कोम्ब्स यांनी सुरू केलेले आणि २००६ पासून ‘वायरशार्क’ या नावाने ओळखले जाणारे साधन त्यांपैकीच.

विंडोजवर ही सोय इटलीतल्या तोरिनोच्या तंत्रविद्यापीठातल्या मंडळींनी आणली. तिचे नाव ‘विनपीकॅप’. तिच्या दोन डीएलएल फायली विंडोजच्या मुख्य फोल्डरात बसत. देखरेखीची दोन साधने वेगवेगळ्या सालची विनपीकॅप बरोबर घेऊन आली, की दाल बाजारातलेच नाटक पुन्हा सुरू होई. २०१३ नंतर विनपीकॅपची नवी आवृत्ती निघाली नाही. तिच्या जागी ‘एनमॅप’ या साधनाच्या कर्त्यांनी ‘एनपीकॅप’ आणले. त्यांनी केलेली एक गोष्ट मला फार मोलाची वाटते. त्यांनी नव्या फायलींची नावे तीच ठेवली, म्हणजे जुन्या आज्ञावल्या त्यांना ओळखतील. पण त्यांना राहायला स्वतंत्र फोल्डर दिले, म्हणजे जुन्या फायली असल्या तर त्यांच्या अंगावर पाय पडणार नाही. घर वेगळे आणि नाव एक. एकत्र कुटुंबातून वेगळे निघताना चुलत्याची चूल न मोडता बाहेर पडावे, तसेच हे झाले.

आता आपल्या अक्षरांकडे वळू.

मराठी संगणकावर आली तेव्हा प्रत्येकाने आपापली भांडी घडवली. एकेका कंपनीचा एकेक टंक, आणि त्या टंकात क कोठे, काना कोठे, वेलांटी कोठे, हे प्रत्येकाने आपल्या मर्जीने ठरवलेले. वरून देवनागरी दिसे. आत फाईलीत असत ती इंग्रजी अक्षरांच्या जागी बसवलेली अक्षरांची तुकडेजोड. टंक हरवला की मजकूर मेला. आमच्या शाळेच्या १९९८ सालच्या स्मरणिकेचा मजकूर आजही एका तबकडीवर जसाच्या तसा आहे. उघडला की पानेच्या पाने निरर्थक इंग्रजी अक्षरे आणि चिन्हे दिसतात. ज्या माजी शिक्षकांनी त्या अंकात गावच्या शाळेचा इतिहास लिहिला त्यांतले बरेचसे आता हयात नाहीत.

याच्या उलट विचार करणारी माणसेही त्याच काळात होती. आयआयटी कानपूरमध्ये सुरू झालेले भारतीय लिप्यांचे काम पुढे पुण्याच्या सी-डॅकमध्ये ‘जिस्ट’ या नावाने वाढले. १९८८ च्या ‘इस्की’ संकेतात भारतीय लिप्यांना मिळून एकच मांडणी दिली होती : मराठीचा क, कन्नडचा क आणि बंगालीचा क यांना एकच क्रमांक. लिपी बदलली की तोच मजकूर देवनागरीतून कन्नडमध्ये दिसे. आपल्या सीमाभागातल्या माणसाला याचे अप्रूप वेगळे सांगायला नको. १९९१ मध्ये आलेल्या ‘युनिकोड’ने देवनागरीची मांडणी या इस्कीवरूनच उचलली.

क्रमांक ठरला, पण अक्षर जुळवायचे कोणी? ‘कि’ लिहिताना आपण आधी क दाबतो आणि मग वेलांटी. दिसायला मात्र वेलांटी आधी हवी. ‘र्क’ मधला र आधी उच्चारायचा आणि डोक्यावर जाऊन बसायचा. हे जुळवण्याचे काम विंडोजमध्ये एका डीएलएल फाईलीवर सोपवलेले होते : ‘यूएसपी१०’. विंडोज २००० मध्ये या फाईलीबरोबर ‘मंगल’ हा टंक आला. तो आखला होता आपले कवी आणि सुलेखनकार प्रा. र. कृ. जोशी (निधन २००८) यांनी. पुढच्याच वर्षी विंडोज एक्सपीत कन्नडची जुळणीही त्याच फाईलीने सांभाळली. मराठी, हिंदी, नेपाळी, कन्नड, तमिळ. सगळ्यांची तक्षीम एका फाईलीत.

आणि येथेच मराठीचा खरा प्रश्न उभा राहतो. ‘दर्या’ म्हणजे समुद्र आणि ‘दऱ्या’ म्हणजे डोंगरांमधल्या खोल जागा. ‘आचार्यांना’ जेवायला वाढले, की ‘आचाऱ्यांना’? हा पापणीसारखा आडवा अर्धा र हिंदीला लागत नाही; आपल्याला पानोपानी लागतो. सामाईक फाईल बहुसंख्यांच्या गरजेवर घडली असती तर तो गळून पडायला वेळ लागला नसता. तो वाचला, कारण संकेतात त्याची नोंद झाली होती. त्याची जागाही गमतीची आहे. दाक्षिणात्य भाषांतला कठोर र देवनागरीत लिहिण्यासाठी जे ‘ऱ’ हे अक्षर ठेवले आहे, त्याचाच पाय मोडला की हा मराठी अर्धा र मिळतो. द्राविड अक्षराच्या खोलीत मराठी अक्षर नांदते आहे. सीमेवरच्या घरांत असे पुष्कळ पाहायला मिळते.

नोंद असूनही बरीच वर्षे ओढाताण झाली. ऑफिससारखी आज्ञावली यूएसपी१० ची स्वतःची प्रत वेगळ्या फोल्डरात ठेवी. त्यामुळे एकाच संगणकावर एका ठिकाणी ‘दऱ्या’ नीट दिसे आणि दुसऱ्या ठिकाणी ऱ पाय मोडून उभा राही. आज फायरफॉक्स, क्रोम, अँड्रॉइड, लिब्रेऑफिस यांत हे जुळणीचे काम ‘हार्फबझ’ ही खुली सामाईक लायब्ररी करते, आणि अर्धा र सुखरूप आहे.

अजून एक तक्षीम मात्र आपण स्वतः मागावी लागते. मराठी वळणाचे ल आणि श हिंदीहून वेगळे आहेत. महाराष्ट्र शासनाने २००९ च्या निर्णयात ते मराठीसाठी प्रमाण ठरवले. काही टंकांत दोन्ही वळणे असतात. कोणते दाखवायचे हे मजकुराची भाषा कोणती नोंदवली आहे त्यावर ठरते. दस्तऐवजाच्या मांडणीत भाषा ‘हिंदी’ राहिली तर हिंदी वळण. ‘मराठी’ लिहिली तर मराठी. ग्वाल्हेरसारख्या हिंदी शहरातल्या मराठी घरांना हे आमच्याहून लवकर उमजते. मी अण्णांना हे कळवले तेव्हा त्यांच्या नातवाने घरच्या संगणकावर पहिल्यांदा भाषेचा रकाना उघडला आणि तेथे मराठी नोंदवली.

एकच प्रत सर्वांनी वापरावी, यात काटकसर आहे आणि शहाणपणही आहे. वेगवेगळ्या चुली मांडून मराठीचे काय झाले ते आमच्या स्मरणिकेच्या तबकडीवर पाहायला मिळते. पण सामाईक मालमत्तेत टिकून राहायचे तर आपले नाव वहीत हवे, आणि ते दुसरा कोणी घालील या भरवशावर राहून चालत नाही. आपापल्या संस्थांकडे जुन्या टंकांत अडकलेला मजकूर असेल तो, ते टंक ओळखणारी माणसे आहेत तोवर, युनिकोडमध्ये उतरवून घ्यावा. नवे लिहिताना भाषेच्या रकान्यात ‘मराठी’ असे स्पष्ट नोंदवावे. दोन्ही कामांना पैसा लागत नाही, थोडी चिकाटी लागते. या दिवाळीच्या सुटीत शाळा-वाचनालयांनी एवढे मनावर घेतले, तर पुढच्या पिढीला आपला हिस्सा सिद्ध करण्यासाठी कागद शोधत हिंडावे लागणार नाही.